घटनाबाह्य खुर्ची

विजेच्या खुर्चीने ड्वेनच्या कानांतून धूर काढला, कातडी सोलली, पण जीव काही घेतला नाही. तुरुंगाने दुसरी तारीख दिली, तशी त्याची वकील लॉरेन थेट वॉशिंग्टनच्या सर्वोच्च न्यायालयात धावली. तिथे न्यायमूर्ती व्हिटकोम राज्यघटनेतल्या क्रूर शिक्षांवरच्या बंदीचा अर्थ ती आली त्या १७९१ सालचाच लावत आणि बाकीचे माना डोलवत.

"साहेब, तेव्हाच्या सगळ्या शिक्षा अर्जात सविस्तर लिहिल्यात. त्यात वीज कुठंच नाही!"

"अगदी बरोबर, बाई. खुर्ची घटनाबाह्य!"

ड्वेन आनंदाने रडला.

सोमवारी जेलरचा फोन आला.


"मॅडम, तुमच्या अर्जातली फाशीची कृती साहेबांनी निकालाला जोडलीय, पण आमच्या पोरांना गाठच जमेना. गुरुवारी जरा दाखवायला येता का?"