हिरव्या लुगड्यातली बाई

“आज नक्की काय नेसल्यात त्या?” धुळानं विचारलं.

सयाजी मास्तरांनी माइकवर हात धरला. बायको हरवून तीन तास झाले होते. एवढा साधा प्रश्न तोवर कुणी विचारला नव्हता. मास्तरांनीही स्वतःला विचारला नव्हता.

“हिरवं,” ते म्हणाले. “हिरवंच असणार.”

“असणार?” एवढंच म्हणून धुळा तंबाखू मळत बसला.

औंधच्या जत्रेत कर्ण्यावर बोलायला कमिटी दरवर्षी कुंडलहून मास्तरांना मुद्दाम बोलावून घेई. शाळेत ते मराठी शिकवत आणि स्वभावोक्ती हा अलंकार म्हणजे जणू त्यांच्या घरचाच. माणूस, जनावर, जागा, जे असेल ते जसं आहे तसं सांगायचं, पण ऐकणाऱ्याच्या डोळ्यांपुढं उभं राहिलं पाहिजे, हे ते पुस्तक न उघडता सांगत. जत्रेत या अलंकाराचा रोकडा उपयोग होई. मास्तरांनी वर्णन केलेला माणूस तासाभरात मांडवात हजर. आज दुपारपर्यंत दोन पोरं, एक म्हातारा आणि एक मेंढी त्यांच्या नावावर जमा झाली होती.

मेंढीचं श्रेय खरं धुळाचं. आटपाडीकडून कळप घेऊन उतरलेला हा मेंढका सकाळी मांडवात आला, तेव्हा कमिटीचे तात्याबा हसून म्हणाले होते, “काळी मेंढी हरवली म्हणून सांगा, झालं.”

“काळी कुठली?” धुळा म्हणाला. “मानंपतूर काळी, मागं तांबूस. डावा कान चिरल्याला. बसताना आदी उजवा गुडघा टेकती. हाक मारली तर ढुंकून बगत न्हाई, पर जिभंनं टक केलं की वळती.”

“ऐका तात्याबा,” मास्तर खूश झाले. “पोरांना वर्षभर शिकवतो ती स्वभावोक्ती ही अशी असते. आणि बोलणारा शाळेची पायरी न चढलेला.”

मेंढी भज्यांच्या दुकानामागं सापडली. सांगितल्याबरहुकूम, उजवा गुडघा आधी टेकून बसत होती.

शालूबाई मात्र सापडत नव्हत्या. देवीची ओटी भरून एकपर्यंत येते म्हणून गेल्या होत्या. आता चार वाजले. कुंडलची शेवटची एस.टी. साडेपाचला. आठवडाभर त्यांना घेरी येत होती. सकाळी स्टँडवरही म्हणाल्या होत्या, “डोकं गरगरतंय वो.” मास्तर म्हणाले होते, “चहा घे.” देवळाच्या पायऱ्या उंच.

“कुंडलच्या शालूबाई म्हणून सरळ सांगा की,” तात्याबांनी दोनच्या सुमाराला सुचवलं होतं.

“बायकोचं नाव कर्ण्यावर घेऊ? आणि दुनियेची माणसं हुडकून देणाऱ्याची बायकोच हरवली म्हणून जत्राभर हसू दे?”

मग मास्तरांनी नाव गाळलं, गावही गाळलं. तीन वेळा कर्णा बोलला. “एक बाई हरवल्या आहेत. उंच, गोऱ्या, सडपातळ बांध्याच्या. हिरवं लुगडं, नाकात नथ. त्यांना घेरी येते. दिसतील त्यांनी हाताला धरून कमिटीच्या मांडवात आणून सोडावं.” आवाज खणखणीत होता. तात्याबांच्या डोळ्यांपुढं बाई अगदी उभी राहिली.

“तसल्या पन्नास बाया हिंडत्यात जत्रंत,” धुळा म्हणाला. “त्यातली तुमची कंची, मास्तर? चालत्यात कशा, ते सांगा.”

मास्तर आठवू लागले. एस.टी.त त्यांनी पेपर वाचला होता. स्टँडपासून मांडवापर्यंत ते पुढं आणि शालूबाई दहा पावलं मागं, रीतीप्रमाणं. बावीस वर्षं तशीच. पुढं चालणाऱ्याला मागच्या माणसाची चाल दिसत नाही. जोडवी वाजत होती, एवढं आठवलं. हिरवं लुगडं आठवत होतं ते लग्नातलं. आणि उंच, गोरी, सडपातळ ही तर ते पोरांना निबंधात घालायला सांगत ती बाई.

त्यांनी पुन्हा माइक उचलला. आता नाव घ्यायचं. गावही सांगायचं. हसली तर हसू दे जत्रा. बटण दाबून ते खाकरले.

“आवं, थांबा जरा.”

मांडवाच्या तोंडाशी शालूबाई उभ्या होत्या. जांभळं लुगडं धुळीनं भरलेलं. बुटक्या, उन्हानं रापलेल्या, कानशिलावरचे केस पिकलेले. डावा पाय किंचित ओढत आत आल्या. तो कधीपासून ओढत होत्या, मास्तरांना ठाऊक नव्हतं. त्यांनी एका बाईला मनगटाला घट्ट धरून आणलं होतं. बाई उंच होती, गोरी होती, हिरव्या लुगड्यात होती.

“आवं, सोडा की हात,” ती म्हणत होती. “मी न्हाई हरवले. माझी मानसं तकडं बसल्यात.”

“घेरीत आसंच वाटतंय बाई, मला ठाव हाय.” शालूबाईंनी तिला खुर्चीवर बसवलं आणि मग मास्तरांकडं वळल्या. “तुमी पयल्यांदा सांगितलं तवा मी निम्म्या पायऱ्या उतरले हुते. म्हटलं, कुनाची लेक कुटं पडली आसंल. पुन्ना वर चडले. दोन तास हुडकली. बगा, तुमी सांगितलं तश्शीच हाय, तसूभर फरक न्हाई.”

धुळानं मान खाली घातली. मास्तरांच्या हातातला माइक चालूच होता. त्यामुळं शालूबाई पुढं जे बोलल्या, ते पायऱ्यांवर, पाळण्यांपाशी, एस.टी. स्टँडवर, सगळ्या जत्रेला ऐकू गेलं.

“किती घोर लागला आसंल बिचाऱ्याला. कुटं हायत हिचं मालक?”