पार्श्वसंगीत

खाडीतले मासे पोट वर करून तरंगायला लागले, तेव्हा धोंडूबुवांनी भजनाच्या बाऱ्या सोडल्या. मुंबईहून भाड्याने व्हिडिओ कॅमेरा आणून त्यांनी माहितीपट काढायला घेतला. साल सत्त्याऐंशी. खाडीत सांडपाणी सोडणाऱ्या कारखान्याविरुद्ध बोलायला गावातला एकही पुरुष पुढे येईना, कारण घरटी एक जण तिथेच कामाला. राहीकाकीचा मुलगाही त्यातलाच. तरी काकी पदर खोचून होडीत उभी राहिली. "पोराला काढून टाकतील तर टाकू देत. पण सरकारी साहेबांच्या कानावर हे गेलंच पाहिजे," म्हणाली, आणि कॅमेऱ्यासमोर तिने मनातलं सगळं ओकून टाकलं.

रत्नागिरीत माहितीपट दाखवला, तेव्हा पहिल्याच रांगेत सरकारी साहेब बसले होते. पडद्यावर राहीकाकी आली, पण तिचा आवाज काही आला नाही. तिचे ओठ हलत होते, बोट कारखान्याकडे रोखलेलं होतं, आणि वर बुवांची पेटी वाजत होती, पार शेवटपर्यंत. साहेबांनी रुमालाने डोळे टिपले. "काय आर्त वाजवलंय हो!" म्हणाले. टाळ्यांचा कडकडाट झाला.

काकी ताडकन उठली. बुवा हसत हसत तिच्यापाशी आले. "काकी, तुमचा आवाज जरा बेसूर लागत होता, म्हणून वर मारवा राग घातला. कसा वाटला?"



"मेल्या, विष सोडणाऱ्यांची नावं घेत होते मी. गाणं नव्हते म्हणत!"