आईची छत्री

शंभर मीटरचा राष्ट्रीय विक्रम बत्तीस वर्षं माझ्या नावावर होता. आता मी ॲथलेटिक्स संघटनेची सचिव आहे. परवा इलोइलोच्या मैदानावर सतरा वर्षांच्या जोनालिननं तो मोडला. पाठीमागून जोराचा वारा असेल, तर विक्रम धरत नाहीत. म्हणून मी पंचांना वाऱ्याची नोंद तीनदा तपासायला लावली. चौथ्यांदा सांगितलं तेव्हा ते डोकं खाजवत म्हणाले, “लेर्मा मॅडम, करा आता सही. पोरगी मघापासून ताटकळलीय.”

मी सही केली.

कागद घेताना जोनालिननं विचारलं, “ताई, तुमच्या वेळी वारा किती होता हो?”

“तेव्हा यंत्रच नव्हतं गं. पण सुरुवातीच्या रेषेमागे उभ्या असलेल्या माझ्या आईची छत्री हातातून सुटली आणि माझ्याआधी पोचली.”