चौकटीसकट

सुताराने आईच्या खोलीचं दार उघडलं आणि पुढे टाकलेला पाय तसाच हवेत राहिला. आत खोली नव्हती. पाणी होतं. करडं, सपाट, नजर पोचेल तिथवर. बायकोने मागून शर्टाची कॉलर धरून ओढलं नसतं, तर तो गेलाच होता.

त्याने दार धाडकन लावलं.

"कोण आहे रे?" आतून आईचा आवाज आला. "केवढ्याने आपटतोस!"

दोघं एकमेकांकडे बघत राहिले.

"आई, तुम्ही कुठे आहात?" बायकोने विचारलं.

"कुठे म्हणजे? खाटेवर. साड्यांच्या घड्या घालतेय. जायचंय म्हणालात ना?"

जायचं तर होतंच. सकाळपासून गल्ली सुटत चालली होती. आधी कोपऱ्यावरचा दवाखाना गेला. पडला नाही, जळला नाही, नुसता नव्हता. मग समोरच्या घराचा जिना. त्यावरून उतरायला लागलेली शेजारीण खाली पोचलीच नाही. आता माणसं न्यायला आलेला शेवटचा ट्रक गल्लीच्या तोंडाशी उभा होता आणि ड्रायव्हर हॉर्नवरचा हात काढत नव्हता.

सुताराने पुन्हा दार उघडलं. या खेपेला आत लांबलचक बोळ होता. बोळाच्या टोकाला एका उघड्या दारात एक माणूस आणि एक बाई पाठमोरी उभी होती. माणसाची कॉलर मागून फाटली होती. सुताराने स्वतःच्या मानेला हात लावून पाहिला आणि दार हळूच लोटून घेतलं.

"सारखी उघडझाप काय चाललीय?" आई म्हणाली. "वारा येतोय मला."

तो बाहेर पळाला. घराला वळसा घालून मागे गेला. खोली असायची तिथे शेजाऱ्यांचं अंगण येऊन टेकलं होतं आणि दोरीवर त्यांचे कपडे वाळत होते. त्याने भिंतीला कान लावला. काही नाही. आत येऊन दाराला लावला. आई पेटीचं झाकण दाबत होती आणि ते बसत नाही म्हणून त्याला बोलत होती.

"मागे खोलीच नाहीये," तो म्हणाला. "आणि ही तर बोलतेय."

"दार लावलेलं असतं तेव्हा बोलतात," बायको म्हणाली. "उघडलं की नसतात."

"म्हणजे काय?"

"मला काय विचारता! दार तुम्ही बनवलंय की मी?"

दार त्यानेच बनवलं होतं, चौकटही. बाहेर हॉर्न वाजतच होता.

"मग दारच घ्या," बायको म्हणाली.

त्याने तिच्याकडे पाहिलं. ती थट्टा करत नव्हती. त्याने पहार उचलली.

चौकट उखडेपर्यंत दार उघडून चालणार नव्हतं. बायको दोन्ही तळहात फळीवर दाबून उभी राहिली. विटा निघायला लागल्या, फटीतून अंगणातलं ऊन आत आलं, दोरीवरची चादर दिसायला लागली.

"घर पाडतोयस की काय रे?" आतून आईने विचारलं.

"हो, आई."

"पाड बाबा. फक्त माझ्या खोलीला हात लावू नकोस."

चौकट सुटली. दोघांनी ती खांद्यावर आडवी घेतली, तशी आत भांडी गडगडली.

"अरे, अरे! खाट घसरतेय!"

त्यांनी घाईघाईने चौकट उभी केली. मग उभीच धरून निघाले, तो पुढे उलटा चालत, ती मागे. गल्ली होती त्यापेक्षा लांब झाली होती. विजेचा एक खांब मागे पडला आणि थोड्या वेळाने पुन्हा समोरून आला.

"हा आत्ताच गेला होता ना हो?"

"बघू नकोस त्याच्याकडे. ट्रककडे बघ."

उलटा चालणाऱ्या सुताराला मात्र तिच्या खांद्यावरून मागचं दिसत होतं. घर दिसत होतं, मग दिसेनासं झालं. त्याने तिला सांगितलं नाही. तिनेही वळून पाहिलं नाही.

ड्रायव्हर खाली उतरून ओरडला, "माणसं घ्यायचीयत, सामान नाही! दारं कसली आणताय?"

"माणूसच आहे," बायको म्हणाली.

ड्रायव्हर पुढे काही बोलणार, एवढ्यात दाराआडून खोकल्याची उबळ आली. "गाडीची पायरी उंच आहे का हो?" आईने विचारलं. "गुडघे धरलेत माझे."

ड्रायव्हर दाराच्या मागच्या बाजूला जाऊन आला. त्याने ट्रकचा मागचा फाळका पाडला आणि चौकटीला हात दिला.

ट्रकमधली माणसं सरकली. एका म्हाताऱ्याच्या मांडीवर घड्याळ होतं आणि तो त्याचे काटे बोटाने धरून बसला होता. बायकोने ओढणीने कडी करकचून बांधली. सुतार दाराला पाठ लावून बसला. ट्रक निघाला, आणि मग सुताराचा बांध फुटला.

"टेकून बसलायस ना?" अगदी त्याच्या पाठीशी आईचा आवाज आला. "रडतोस कशाला?"

"सगळं गेलं, आई. घर, गल्ली, सगळं."

"असं कसं? इथे तर सगळं जागच्या जागी आहे."

बायकोने त्याचा हात धरला. पुढचा रस्ता मधेच फुटून निरनिराळ्या दिशांना गेला होता आणि प्रत्येक फाट्यावर लांब एकेक ट्रक दिसत होता, धूळ उडवत चाललेला.

"कुठे निघालोय आपण, ते तरी सांगशील?"

"माहीत नाही, आई. कुणालाच माहीत नाही."

आत खाट करकरली.

"बरं," आई म्हणाली. "मग मी जरा पडते. पोचलो की दार वाजव."