साठ कुंड्यांचं ठिबक

"आई, आजपासून झारी बंद," गच्चीवर टाइमर बसवत श्रीवत्स म्हणाला.

टाकीपासून काळी नळी निघाली होती आणि तिच्या बारीक फांद्या साठ कुंड्यांत शिरल्या होत्या. सकाळ-संध्याकाळ वीस मिनिटं थेंब थेंब पाणी थेट मुळाशी. सामानासाठी बिचाऱ्याने चिकपेटच्या बाजारात तीन खेपा घातल्या होत्या.

वसुमतीबाई जिन्याच्या पायरीवरच बसल्या. गुडघे बोलत होते. खाली नरसिंहराव चार महिने अंथरुणाला खिळलेले, आजार हाडांत पसरलेला. त्यांचं सगळं करायचं, आणि वर दोनदा हा जिना चढायचा. तेही त्यांच्याच हट्टापायी. "घाई करू नकोस, चांगला तासभर घाल पाणी," हे रोजचं बजावणं.

"एक बरं आहे बाबा," त्या म्हणाल्या, "यांना दुखत नाही. हूं की चूं नाही."

ठिबक छान चाललं. मोगरा तरारला. वसुमतीबाई दिवसभर नवऱ्याच्या उशाशी बसू लागल्या. कितीतरी दिवसांनी पाठ टेकायला मिळाली.

नरसिंहराव मात्र चिडचिडे झाले.

"अगं, जा की स्वल्प वर."

"कशाला? पाणी आपोआप पडतंय."

"मशीनचं काय खरं! झारी घे नि जा."

चौथ्या दिवशी त्यांनी मुलाला हाक मारली. "श्रीवत्स, ते सगळं काढून टाक. आजच."

वसुमतीबाईंना रडूच फुटलं. "चाळीस वर्षं राबले हो मी! आता पाय उचलत नाहीत. घटकाभर बसले तर तेही तुम्हाला बघवत नाही?"

नरसिंहरावांनी भिंतीकडे तोंड फिरवलं. वसुमतीबाईंनी डोळे पुसले, कोपऱ्यातली झारी उचलली आणि कठड्याला धरून एकेक पायरी चढत वर गेल्या.

श्रीवत्सचं डोकं फिरलं. "अण्णा, लाज वाटायला हवी! तिची काय दशा झालीय दिसतंय का तुम्हाला?"

वरचं दार वाजेपर्यंत नरसिंहराव कान देऊन पडले होते. मग त्यांनी दोन्ही मुठींत चादर घट्ट धरली. कपाळावर घाम डवरला होता.

"दार लोट बाळा," ते कसेबसे म्हणाले. "ती वर असते तेवढा वेळच मला कण्हता येतं रे."