उरलेल्या टर्कीचं सूप

१९३३ चा नाताळ. सात रस्त्याजवळच्या बंगल्यात उरलेली टर्की आणि रानतांदूळ घालून खानसामा कासीमने दुसऱ्या दिवशी दुपारी दाट सायीचं सूप केलं. पहिल्याच चमच्याला गिरणीच्या मॅनेजरसाहेबांनी तोंड वाकडं केलं. कामगारांच्या धमकीच्या चिठ्ठ्या आठवडाभर येत होत्या. त्यांनी फौजदाराला बोलावणं धाडलं आणि वाटी कासीमपुढे सरकवली.

"विष घातलं नसशील, तर तूच पी."

"पितो की, साहेब."

कासीमने खिडकीबाहेरच्या उन्हाकडे एकदा पाहिलं. मग "बिस्मिल्ला" पुटपुटत वाटी तोंडाला लावली आणि रिकामी करून खाली ठेवली.



"मीठ दोनदा पडलंय, साहेब. रोजा होता, म्हणून चव बघितली न्हवती."