कुंपणावरची शिवलिंगी

"ओळख बघू, ही कसली वेल?" सासूबाईंनी परसातल्या कुंपणावरचं बोराएवढं लाल फळ तोडून हर्षदाच्या तळहातावर ठेवलं. त्यावर पांढरे पट्टे होते.

पावसाळ्यात आपोआप उगवून महिनाभरात सगळ्या तारा झाकणारी ही वेल हर्षदानं केव्हाच ओळखली होती. लग्नाला पाच वर्षं झाली तरी पाळणा हलला नव्हता. शिवलिंगीच्या बिया दुधाबरोबर घे, कूस उजवते, असं गल्लीतली एकेक बाई सांगून गेली होती. सासूबाई तेवढ्या गप्प होत्या. आता त्याही तेच सांगणार.

"शिवलिंगी," ती कशीबशी म्हणाली.

"बरोबर. माझ्या सासूनं मला वर्षभर समोर बसवून हिच्या बिया दिल्या. पुढं तुझा नवरा जन्मला आणि बियांचं गावभर नाव झालं." सासूबाईंनी फळ फोडलं. चिकट गरातून बी निघाली, हुबेहूब पिंडीसारखी. "पण खरं सांगू? एकही पोटात गेली नाही. चावायची नाही, अख्खी गिळायची, असा नेम होता. मी गालात धरून ठेवायची आणि चूळ भरायला बाहेर यायची."

"बाहेर कुठं?"

"इथंच की!"

हर्षदानं मान वर केली. या टोकापासून त्या टोकापर्यंत कुंपण हिरवंगार झालं होतं.

हातातली बी सासूबाईंनी तारेखाली टाकून दिली. "कुणी फारच मागं लागलं, तर भांडत बसू नकोस. तूही इथंच ये चूळ भरायला."